तीन खासदारांचा गोवा आणि दिल्लीतल्या समित्या: कायद्याचं वाक्य नेमकं कुठे ठरतं?

डिचोलीकर

मंडळी, नमस्कार.

गेल्या रविवारी गावच्या देवळात सभामंडपात बसून गप्पा चालल्या होत्या. एकजण म्हणाला, "लोकसभेत ५४३ जण, त्यात आपले दोन. राज्यसभेत एक. हात वर करून मोजायची वेळ आली की आपण असलो काय नि नसलो काय." सगळ्यांनी माना डोलावल्या. मला ते पटलं नाही, पण का पटलं नाही हे तिथे धड सांगता आलं नाही. म्हणून इथे लिहितो.

माझ्या वडिलांचे दोन ट्रक होते, खनिज वाहतुकीला लागलेले. २०१२ च्या सप्टेंबरात बेकायदा खाणकामाची चौकशी करणाऱ्या शाह आयोगाचा अहवाल संसदेत आला आणि खाणी थांबल्या. मधे थोडा काळ सुरू झाल्या. मग ७ फेब्रुवारी २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने ८८ लिजांचं (खाणपट्ट्यांचं) नूतनीकरण रद्द केलं आणि १६ मार्चपासून सगळं पुन्हा बंद. एक ट्रक मिळेल त्या भावाला विकला, दुसऱ्याचे हप्ते आईच्या बांगड्या गहाण ठेवून फेडले. त्यानंतर आम्ही काहीजण निवेदन घेऊन दिल्लीला गेलो. 'कायद्यात दुरुस्ती करा' एवढीच त्यात मागणी. तिथे एका निवृत्त अधिकाऱ्यांची गाठ पडली. त्यांनी आमचा कागद शांतपणे वाचला आणि विचारलं, "२०१५ साली हे विधेयक राज्यसभेच्या प्रवर समितीपुढे होतं. तेव्हा तुम्ही काय लिहून पाठवलं होतं?"

आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे पाहत राहिलो. अशी समिती होती आणि तिला आपण लिहायचं असतं, हे आमच्यातल्या एकालाही ठाऊक नव्हतं.

परत आल्यावर मी तो सगळा क्रम शोधून काढला. १२ जानेवारी २०१५ ला केंद्राने खाण व खनिज कायद्याचा दुरुस्ती अध्यादेश काढला. यापुढे लिजा लिलावानेच द्यायच्या, हा त्याचा गाभा. मार्चच्या सुरुवातीला लोकसभेने विधेयक मंजूर केलं. राज्यसभेने ते प्रवर समितीकडे दिलं, समितीने आठवडाभरात अहवाल दिला, आणि २० मार्चला संसदेची मंजुरी मिळाली.

एक आठवडा! डिचोलीतल्या ट्रकमालकाला तेवढ्यात कळणार काय आणि तो लिहून घेणार कुणाकडून? ज्याची दिल्लीत कचेरी आहे, पदरी वकील आहे, त्यालाच तो आठवडा पुरतो.

त्यात गोव्याचं प्रकरण बाकी देशापेक्षा निराळं. आमच्या खाणी म्हणजे मुळात पोर्तुगीज सरकारने कायमच्या दिलेल्या सवलती. १९८७ च्या केंद्रीय कायद्याने त्या रद्द करून लिजा केल्या, तेही २० डिसेंबर १९६१ पासून असं मागे नेऊन. २०१५ च्या दुरुस्तीने लिजांना ५० वर्षांची मुदत ठरवली. ही ५० वर्षं १९६१ पासून मोजायची की १९८७ पासून? एवढ्या एका प्रश्नावर पुढे मोर्चे निघाले, खटले चालले आणि २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने १९८७ ची मोजणी फेटाळली. मागणी रास्त होती की नाही यावर आपण भांडू शकतो. पण हा प्रश्न विचारायची वेळ होती ती विधेयक समितीत असताना. तिथे तो मांडला गेला असता, तर होकार असो वा नकार, उत्तर तेव्हाच मिळालं असतं. आम्ही तीन वर्षं आधीच ट्रक विकून दुसऱ्या धंद्याला लागलो असतो.

माझं म्हणणं एवढंच आहे. तीन खासदारांच्या राज्याने मतदानाच्या दिवसाकडे डोळे लावून बसू नये. मसुदा निघतो तेव्हा आणि विधेयक समितीत जातं तेव्हा आपलं म्हणणं तिथे पोचवायला शिकावं. कुणाला असा अनुभव असेल तर सविस्तर लिहा.

---

अबोली

चांगला विषय काढलात. मला मुळातच विचारायचंय, स्थायी समिती, प्रवर समिती, संयुक्त समिती यांत फरक काय? आणि एखादं विधेयक कुठल्या समितीत आहे हे घरबसल्या कळतं का?

---

फोंड्याचे गुरुजी

अबोलीताई, नागरिकशास्त्र शिकवण्यात आयुष्य गेलं, तेव्हा हे उत्तर माझ्याकडे.

स्थायी समित्या कायमच्या असतात, त्या मंत्रालयांनुसार वाटलेल्या. १९९३ ला सुरू झाल्या तेव्हा १७ होत्या, २००४ पासून २४ आहेत. प्रत्येकीत ३१ खासदार: २१ लोकसभेचे, १० राज्यसभेचे. दरवर्षी त्यांची नव्याने रचना होते. प्रवर समिती एकाच सभागृहाची आणि एकाच विधेयकापुरती. संयुक्त समितीही एका कामापुरतीच, फक्त तिच्यात दोन्ही सभागृहांचे सदस्य. विधेयक स्थायी समितीकडे द्यायचं की नाही हे लोकसभेत अध्यक्ष आणि राज्यसभेत सभापती ठरवतात. कायद्याने सक्ती नाही.

या समित्यांची बैठक बंद दाराआड होते, कॅमेरे नसतात. पक्षाचा व्हिप, म्हणजे मत कसं द्यायचं याचा आदेश, तिथे लागत नाही. सदस्याला पटलं नाही तर तो आपलं भिन्नमत अहवालाला जोडू शकतो. सभागृहात एकमेकांवर ओरडणारे दोन पक्षांचे खासदार त्या खोलीत एकेका कलमावर शांतपणे बोलतात, असं तिथे साक्षीला गेलेल्या माझ्या एका मित्राने मला सांगितलं होतं.

आता गोव्याचं गणित. मंत्री या समित्यांवर बसू शकत नाही. आपले उत्तर गोव्याचे खासदार श्रीपाद नाईक २०१४ पासून केंद्रात राज्यमंत्री आहेत. म्हणजे समित्यांपुरते आपले उरले दोन. एक खासदार सहसा एकाच स्थायी समितीवर असतो. २४ पैकी जास्तीत जास्त दोन खोल्यांत गोव्याचा माणूस! मासेमारी, बंदरं, पर्यावरण, खाणी, पर्यटन हे आपले जिव्हाळ्याचे विषय चार-पाच वेगवेगळ्या समित्यांत विखुरलेले. जिथे आपला माणूस नाही तिथे आपला कागद गेलाच पाहिजे.

घरबसल्या कळतं. लोकसभा आणि राज्यसभा दोघांच्याही संकेतस्थळांवर समित्यांचं पान असतं, आणि सूचना मागवण्याची जाहिरात वर्तमानपत्रांतही येते. बहुधा दोन-तीन आठवड्यांची मुदत असते. ती जाहिरात लहान अक्षरांत असते, नजरेतून सहज सुटते.

---

पिळगावचा शेतकरी

डिचोलीकर बाब, तुमच्या घरची परिस्थिती वाचून वाईट वाटलं, मनापासून लिहितो. पण माझी बाजूही ऐका.

खाणीच्या माथ्यावरून पावसात वाहून आलेली लाल माती माझ्या शेतात गुडघाभर साचली आहे. विहीर मार्चमध्ये आटायची. तुम्ही म्हणता २०१५ मध्ये आमचं ऐकायला हवं होतं. समजा ऐकलं असतं आणि लिजांची मुदत २०३७ पर्यंत गेली असती, तर माझ्या शेताचं काय?

आणि घाई फक्त दिल्लीत झाली का? २०१४ च्या नोव्हेंबरपासून अध्यादेशाच्या दिवसापर्यंत इथे ८८ लिजांचं नूतनीकरण उरकलं गेलं. लिलाव टाळण्यासाठीच ना? म्हणजे वर काय शिजतंय हे ज्यांना कळायला हवं होतं त्यांना वेळेत कळलं होतं. कळलं नव्हतं ते तुम्हाला आणि मला. खाणमालक, ट्रकमालक, बार्जवाले, खाण कामगार यांना 'खाण अवलंबित' या एका शब्दात बसवलं जातं, पण त्यांचं हित एक नाही. तुमच्या निवेदनात कुणाचं हित लिहिलं होतं, हे तुम्हीच एकदा वाचून बघा.

---

डिचोलीकर

काका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. मग कपाटातून ते निवेदन काढून वाचलं. तुम्ही म्हणता ते खरं आहे. त्यात लिजांच्या मुदतीवर दीड पान आहे आणि ट्रकमालकांच्या कर्जाबद्दल दोन ओळी. मसुदा आमच्यापैकी कुणी लिहिलाच नव्हता. तो तयार मिळाला होता, आम्ही सह्या केल्या.

समितीपुढे तुमची लाल माती आणि माझे हप्ते दोन्ही वेगवेगळे यायला हवे होते. २०१५ च्या दुरुस्तीत जिल्हा खनिज प्रतिष्ठानची तरतूद झाली, खाणीची झळ बसलेल्या भागासाठी निधी. त्यात झळ कुणाला बसली हे कुणी ठरवायचं, पैसा शेतातली माती काढायला मिळेल की रस्ते करायला, हे बारकावे तुमच्यासारख्या माणसानेच सांगायचे असतात.

---

रापणकाराची लेक

मी पेडण्याची. गोव्यातल्या साध्या माणसांनी देशाचा कायदा हलवलेला आहे आणि ती गोष्ट इथे कुणी सांगितली नाही, म्हणून लिहायला बसले. जरा लांबेल.

माझे आजोबा रापण ओढायचे. रापण म्हणजे सगळ्या वाड्याचं काम. होडीतून जाळं अर्धवर्तुळात टाकायचं आणि किनाऱ्यावरून दोन्ही टोकं तीसचाळीस जणांनी ओढायची. मासळीचे वाटे सगळ्यांना, म्हाताऱ्या विधवेलासुद्धा. साठच्या दशकात सरकारने अनुदान देऊन ट्रॉलर आणले. ते किनाऱ्यालगत येऊन तळ खरवडायला लागले. जाळी फाटायची, बांगडा-तारलीची पिल्लं मरायची. सत्तरच्या दशकाच्या मध्याला रापणकार संघटित झाले. मातान्ही साल्ढाणा हे त्यांचे पुढारी.

त्यांची मागणी अगदी नेमकी होती: किनाऱ्यालगतचा पट्टा ट्रॉलरना बंद करा. पणजीत मोर्चे निघाले, उपोषणं झाली. पण त्यांना लवकरच एक गोष्ट उमगली. केरळात, तामिळनाडूत तेच दुखणं होतं. १९७८ मध्ये ठिकठिकाणच्या पारंपरिक मच्छीमारांनी मिळून राष्ट्रीय मंच उभारला, तोच पुढे नॅशनल फिशवर्कर्स फोरम झाला, आणि मातान्ही त्याचे पहिले अध्यक्ष. दिल्लीत केंद्राने १९७६ मध्ये मजुमदार समिती नेमलेली होती, मासेमारीचे पट्टे कसे आखावेत यावर विचार करायला. मच्छीमारांचा रेटा आणि त्या समितीचं काम एकत्र आलं आणि त्यातून सागरी मासेमारी नियमनाचा नमुना कायदा निघाला.

नमुना कायदा का, तर घटनेनुसार किनाऱ्यापासून १२ सागरी मैलांच्या आतली मासेमारी हा राज्यांचा विषय, त्यापलीकडची केंद्राची. म्हणून केंद्राने मसुदा केला आणि राज्यांनी तो आपापल्या विधानसभेत मंजूर करायचा. १९८० मध्ये केरळ आणि गोवा (तेव्हा गोवा, दमण व दीव) यांनी पहिल्यांदा केला. महाराष्ट्राचा १९८१ चा. पाच किलोमीटरच्या आत ट्रॉलर नको, हा नियम कागदावर आला तो त्या आंदोलनामुळे. अंमलबजावणी किती होते ते किनाऱ्यावर राहणाऱ्याला विचारा, रात्री दिवे दिसतात आम्हाला. पण नियम आहे म्हणून तक्रार तरी करता येते.

पुढे नव्वदच्या दशकात परदेशी जहाजांना खोल समुद्रात परवाने द्यायचं धोरण आलं. पुन्हा देशभर मच्छीमार उठले. सरकारला मुरारी समिती नेमावी लागली आणि १९९६ मध्ये तिच्या शिफारशी आल्या, परवाने बंद करा अशा. २०२१ च्या पावसाळी अधिवेशनात सागरी मासेमारीचं एक विधेयक कामकाजाच्या यादीत होतं. किनाऱ्या-किनाऱ्यावरून विरोध झाला आणि ते मांडलंच गेलं नाही.

आजोबा चौथी शिकलेले. ते म्हणायचे, "दर्याची हद्द दिल्लीत आखतात, पण ती कुठे आखायची ते आम्ही जाऊन सांगितलं."

---

अबोली

ताई, वाचताना अंगावर काटा आला. एक शंका. मजुमदार, मुरारी या संसदेच्या समित्या होत्या का?

---

रापणकाराची लेक

नाही, त्या सरकारने नेमलेल्या. मुरारी समितीत पुढे खासदारांनाही घेतलं होतं, पण ती संसदीय समिती नव्हे. फरक महत्त्वाचा आहे. सरकारी समिती विधेयक जन्मायच्या आधीची. तिचा अहवाल दाबून ठेवता येतो. संसदीय समितीचा अहवाल सभागृहापुढे ठेवावाच लागतो आणि तो कुणालाही वाचता येतो.

किनारा नियमनाचंही असंच. २००८ मध्ये नवी अधिसूचना येणार होती, मच्छीमारांनी कडाडून विरोध केला. स्वामिनाथन समिती बसली, तेव्हाचे मंत्री जयराम रमेश किनाऱ्यावरच्या राज्यांत जाऊन लोकांशी बोलले, आणि जानेवारी २०११ च्या अधिसूचनेत गोव्यासाठी वेगळा भाग आला, खाजन जमिनी (खाडीकाठच्या बांध घातलेल्या सखल जमिनी), वाळूच्या टेकड्या वगैरे धरून. 'खाजन' हा आपला शब्द केंद्राच्या राजपत्रात गेला तो कुणीतरी समजावून सांगितला म्हणूनच.

---

साखळीकर मुंबईत

मी मुंबईत एका वकिली कचेरीत काम करतो. हितसंबंधी गटांची दुसरी बाजू इथे यायला हवी. रापणकारांना मोर्चा काढावा लागतो कारण त्यांच्याकडे दुसरं काही नाही. मोठ्या उद्योगांना मोर्चा काढावा लागत नाही. फिक्की १९२७ पासून आहे, इतर उद्योग मंडळं आहेत. त्यांचे अभ्यासू लोक मसुद्याच्या प्रत्येक कलमाला पर्यायी कलम लिहून देतात. यात बेकायदा काही नाही, आणि कित्येकदा त्यांची सूचना योग्यही असते. अडचण अशी की कुणी कुणाला काय सांगितलं याची आपल्याकडे कुठेच नोंद होत नाही.

अमेरिकेत १९९५ चा कायदा आहे. कुणासाठी, कशावर, किती पैसे खर्चून लॉबिंग (कायदा आपल्या बाजूने व्हावा म्हणून केलेले प्रयत्न) केलं हे तिथे जाहीर करावं लागतं. २०१२ च्या डिसेंबरात वॉलमार्टने तिकडे दिलेल्या माहितीत भारतीय बाजारपेठेचा उल्लेख निघाला तेव्हा आपल्या संसदेत गदारोळ झाला. सरकारने निवृत्त न्यायमूर्ती मुकुल मुदगल यांची चौकशी समिती नेमली. पुढच्या वर्षी ओडिशाचे खासदार कालिकेश सिंहदेव यांनी लॉबिंगची नोंद सक्तीची करणारं खासगी (म्हणजे सरकारचं नव्हे, खासदाराचं स्वतःचं) विधेयक मांडलं. ते तिथेच राहिलं.

समितीच्या आतही हितसंबंध शिरतात. तंबाखूच्या पाकिटावर ८५ टक्के जागेत इशारा छापायचा नियम १ एप्रिल २०१५ पासून लागू व्हायचा होता. कायद्याखाली केलेले नियम तपासणारी लोकसभेची एक समिती आहे, तिचे अध्यक्ष तेव्हा अहमदनगरचे खासदार दिलीप गांधी होते. समितीने तो नियम थांबवायला सांगितलं आणि सरकारने थांबवला. त्या समितीत श्यामाचरण गुप्ता हे खासदार होते, ते स्वतः विडीचे मोठे उद्योजक! वर्षाने समितीने इशारा ५० टक्क्यांवर आणा म्हणून सुचवलं. शेवटी १ एप्रिल २०१६ पासून ८५ टक्केच लागू झाला, पण एक वर्ष गेलं ते गेलंच. माझे काका तोंडाच्या कर्करोगाने गेले, त्यामुळे हे प्रकरण माझ्या मनातून जात नाही. ज्याचा धंदा त्या कलमावर अवलंबून आहे त्याने त्या खोलीत बसूच नये, एवढा साधा नियम कडक पाळायला काय हरकत आहे?

आणि हो, गोव्याने धूम्रपान आणि थुंकण्याविरुद्धचा कायदा १९९७ सालीच केला होता. देशाचा तंबाखू कायदा २००३ चा.

---

वास्कोवाला

सगळं वाचलं. पण समितीची शिफारस सरकारवर बंधनकारक नाही, मग एवढा खटाटोप कशाला? आमच्या बंदराचंच बघा. प्रमुख बंदरांचं २०१६ चं विधेयक स्थायी समितीत गेलं होतं, लोकसभा विसर्जित झाली तसं ते रद्द झालं. २०२० मध्ये नवं आलं, समितीकडे न जाता २०२१ च्या फेब्रुवारीत मंजूर. बंदराच्या हद्दीत आमची घरं आहेत, आमच्या डोक्यावर टांगती तलवार तशीच.

---

फोंड्याचे गुरुजी

वास्कोवाला, बंधनकारक नाही हे खरं. तरी परिणाम होतो. सरोगसीचं विधेयक लोकसभेने २०१९ मध्ये जसंच्या तसं मंजूर केलं होतं. राज्यसभेच्या प्रवर समितीने लोकांना ऐकलं आणि मूल न होण्याची पाच वर्षांची अट काढा, विधवा आणि घटस्फोटित स्त्रियांना मुभा द्या असं सांगितलं. २०२१ च्या कायद्यात त्या गोष्टी आल्या. माहिती अधिकाराचं २००४ चं विधेयक फक्त केंद्र सरकारपुरतं होतं. चळवळीतल्या लोकांनी नेट लावला, स्थायी समितीनेही राज्यं आत घ्यायला सांगितलं, म्हणून आज तुम्ही पंचायतीत अर्ज टाकू शकता. गोव्याचा स्वतःचा माहिती अधिकार कायदा तर १९९७ चा, तामिळनाडूच्या पाठोपाठ.

शीतपेयांतल्या कीटकनाशकांवर २००३ मध्ये शरद पवारांच्या अध्यक्षतेखाली संयुक्त समिती बसली होती. तिची सुरुवात झाली ती एका पर्यावरण संस्थेच्या प्रयोगशाळेतल्या चाचणीतून. एका संस्थेचा अहवाल, त्यावरून संसदेची समिती, आणि २००६ चा अन्नसुरक्षा कायदा येण्यात तिच्या अहवालाचाही हात.

मला काळजी वाटते ती वेगळीच. संसदेच्या कामाचा अभ्यास करणारी पीआरएस ही संस्था मोजदाद ठेवते. पंधराव्या लोकसभेत सुमारे ७१ टक्के विधेयकं समित्यांकडे गेली. सोळाव्या लोकसभेत जेमतेम पाव. सतराव्या लोकसभेत सुमारे १६ टक्के. दारच बंद होत चाललं तर कागद कुठे सरकवायचा? २०२० चे शेती कायदे समितीकडे गेले नाहीत. शेतकरी वर्षभर दिल्लीच्या वेशीवर बसले आणि २०२१ च्या नोव्हेंबरात ते कायदे मागे घ्यावे लागले. जे बोलणं महिनाभर खोलीत झालं असतं ते वर्षभर थंडीवाऱ्यात झालं, आणि माणसं गेली त्यात.

---

निशिगंधा

गुरुजी, आदराने असहमत. समितीकडे पाठवणं म्हणजे लांबणीवर टाकणं, हेही आम्ही बायकांनी पाहिलंय. महिला आरक्षणाचं विधेयक १९९६ मध्ये गीता मुखर्जींच्या संयुक्त समितीकडे गेलं, त्यांनी तीन महिन्यांत उत्तम अहवाल दिला. पुढे काय झालं? २००८ चं विधेयक पुन्हा स्थायी समितीत, २०१० मध्ये राज्यसभेत मंजूर, आणि लोकसभेत विरलं. २०२३ च्या सप्टेंबरात समितीशिवाय तीन दिवसांत झालं. अर्थात प्रत्यक्ष अंमल जनगणना आणि मतदारसंघांच्या फेररचनेनंतर, म्हणजे वाट पाहणं आहेच.

---

केपेकर

निशिगंधाताई, वाट पाहण्याबद्दल आमच्याइतकं कोण सांगणार. मी वेळीप समाजाचा.

गावडा, कुणबी आणि वेळीप यांना २००३ मध्ये अनुसूचित जमातींत घेतलं. २०११ च्या जनगणनेत गोव्यात अनुसूचित जमातीचे लोक १,४९,२७५ आणि अनुसूचित जातीचे २५,४४९. विधानसभेत अनुसूचित जातीसाठी एक जागा राखीव, आमच्यासाठी एकही नाही, कारण मतदारसंघांची फेररचना जुन्या जनगणनेवर झालेली. २५ मे २०११ ला बाळ्ळीला आंदोलन झालं, आमचे दोन तरुण त्यात गेले. तो दिवस मी विसरू शकत नाही.

त्यानंतर सभा, निवेदनं, पणजीतले मोर्चे, दिल्लीच्या वाऱ्या. ५ ऑगस्ट २०२४ ला लोकसभेत गोव्यासाठी स्वतंत्र विधेयक मांडलं गेलं. बरोबर वर्षाने, ५ ऑगस्ट २०२५ ला लोकसभेत मंजूर झालं आणि ११ ऑगस्टला राज्यसभेत. सभागृहात दुसऱ्याच विषयावर गोंधळ चालू होता आणि आमचं विधेयक त्यात काही मिनिटांत झालं. मी टीव्हीसमोर होतो. डोळे भरून आले. पण मनात आलं, आमच्याबद्दल तिथे कुणी चार वाक्यंसुद्धा बोललं नाही. समितीत गेलं असतं तर आमच्यातलं कुणीतरी साक्षीला बसलं असतं. धनगरांचं काय, त्यांना अनुसूचित जमातींत घेण्याचा प्रस्ताव केंद्राच्या महानिबंधकांकडून वारंवार का परत येतो, हा प्रश्नही त्या निमित्ताने नोंदीवर आला असता. आमच्याबरोबर तेही रस्त्यावर होते.

---

डिचोलीकर

केपेकर, तुमचं लिहिणं वाचून काय लिहावं सुचेना. निशिगंधाताईंचं म्हणणंही मान्य. समिती म्हणजे हमी नव्हे.

आता थोडं कामाचं. गुरुजींकडून आणि त्या निवृत्त अधिकाऱ्यांकडून मी जे शिकलो ते लिहून ठेवतो.

निवेदन इंग्रजी किंवा हिंदीत मागतात, हा आपल्याला पहिला अडथळा. मराठी-कोकणीत विचार करायचा आणि मग कुणाकडून तरी करून घ्यायचं. लोकसभेच्या याचिका समितीचा मार्ग निराळा आहे: तिथे आपल्या भाषेतली याचिका चालते, सोबत इंग्रजी किंवा हिंदी भाषांतर सहीनिशी जोडावं लागतं, आणि ती सादर करणाऱ्या खासदाराची प्रतिस्वाक्षरी लागते. निवेदनात भाषण करू नये. अमुक कलम, अमुक शब्द, त्याऐवजी हा शब्द, आणि कारण आपल्या गावातलं. 'आमच्यावर अन्याय झाला' या वाक्यापेक्षा 'विहिरीची पातळी मार्चमध्ये एवढी, मे महिन्यात एवढी' हे समितीच्या सचिवालयातला माणूस उचलून अहवालात घालू शकतो. प्रत्यक्ष बोलायचं असेल तर तसं निवेदनातच लिहायचं. आणि पाठवलेला कागद समितीच्या नोंदीचा भाग होतो, तो गोपनीय मानतात, म्हणून लगेच वर्तमानपत्राला देऊ नये.

२०१४ च्या फेब्रुवारीत केंद्राने धोरण केलं की मसुदा विधेयक किमान ३० दिवस लोकांसमोर ठेवावं. पाळलं जातंच असं नाही, पण जेव्हा ठेवतात तेव्हा समितीच्याही आधीची ती संधी असते. मी आता दर सोमवारी मंत्रालयांची पानं बघतो.

---

रापणकाराची लेक

मासेमारीचं विधेयक आज ना उद्या पुन्हा येईल. तेव्हा दोन आठवड्यांत धावपळ करण्यापेक्षा आत्ताच लिहून ठेवायला हवं. बाबांना विचारून मी उतरवायला घेतलंय: कुठल्या महिन्यात ट्रॉलर किती आत आले, कुठे जाळं फाटलं, रापण वर्षाकाठी किती दिवस पडते. इंग्रजी माझं बेताचं आहे. कुणी मदत कराल का?

---

साखळीकर मुंबईत

ताई, मी करतो. तुम्ही मराठीतच लिहा, बाबांचे शब्द बदलू नका. पुढच्या महिन्यात चतुर्थीला घरी येतोय, तेव्हा एक दिवस फोंड्याला भेटू. गुरुजी, जागा मिळेल?

---

फोंड्याचे गुरुजी

माझ्या घरचा ओसरा मोकळा आहे. चतुर्थीनंतरच्या पहिल्या शनिवारी दुपारी तीनला या. केपेकर, तुम्हीही या, धनगरांच्या प्रस्तावाचे जुने कागद असतील तर घेऊन या.

---

पिळगावचा शेतकरी

येतो. विहिरीच्या पातळीची माझी वही आहे, २००६ पासूनची, दर महिन्याच्या पहिल्या तारखेला काठी टाकून मोजलेली. ती घेऊन येतो. पण डिचोलीकर बाब, एक अट. तुमचं आणि आमचं निवेदन वेगवेगळं जाईल.

---

डिचोलीकर

मान्य, काका. टंकलेखन दोन्हींचं मी करतो.